जिन्यातला आवाज

व्हर्लीन टिग्नरच्या घरात जिना होता, पण चढायची सोय नव्हती.

म्हणजे पायऱ्या होत्या, कठडा होता, वर दोन चांगल्या खोल्या होत्या. पण नवरा वर गाणं करत बसला की त्या जिन्यावर पाऊल ठेवायचं नाही, खोकायचं नाही, नळ सोडायचा नाही आणि संडासाची साखळी तर मुळीच ओढायची नाही. दक्षिण मेम्फिसमधल्या त्या गल्लीत हे सगळ्यांना पाठ होतं. टपालवालासुद्धा आधी खिडकीतून डोकावायचा. व्हर्लीननं ओठांवर बोट ठेवलेलं दिसलं की पत्रं दारातच ठेवून चोरासारखा निघून जायचा.

नवऱ्याचं नाव कॉर्नेलियस, पण सगळे त्याला नील म्हणत. गाणं लिहायचं त्यानंच, चाल लावायची त्यानंच, वाजवणारे गोळा करायचे, गाणाऱ्याकडून गाऊन घ्यायचं, आणि शेवटी तबकडी काढून रेडिओवाल्यांच्या दारात जाऊन उभं राहायचं तेही त्यानंच. गाणी कसली, तर ऱ्हिदम अँड ब्लूज. शनिवारी ज्यांच्यावर पाय थिरकतात आणि रविवारी ज्यांच्यापायी देवापुढे मान खाली घालावी लागते, तसली.

आता गाण्याच्या आवाजाला घुमारा लागतो. मोठ्या स्टुडिओत त्यासाठी वेगळी खोली बांधतात. नीलकडे जिना होता. गाणारा वरच्या खोलीत गायचा, त्याचा आवाज तारेतून खाली येऊन पहिल्या पायरीशी ठेवलेल्या कर्ण्यातून निघायचा, भिंतींवर आपटत वर चढायचा आणि शेवटच्या पायरीवरचा माईक तो टिपून घ्यायचा. जिना अरुंद, भिंती जुन्या गिलाव्याच्या. घुमारा असा यायचा की ऐकणाऱ्याला वाटावं, हा माणूस एकट्या रिकाम्या घरात रडतोय. नील म्हणायचा, "असा जिना डेट्रॉइटमध्ये नाही, शिकागोमध्ये नाही."

"आणि असा नवराही नाही," व्हर्लीन म्हणायची.

कारण त्याच जिन्याखाली, घराच्या पुढच्या खोलीत, तिचं केस करायचं दुकान होतं. तीन खुर्च्या, केस वाळवायचे दोन ड्रायर, गॅसवर तापत ठेवलेले लोखंडी कंगवे. शनिवार म्हणजे तिचा धंद्याचा दिवस. गावातली प्रत्येक बाई रविवारच्या चर्चसाठी केस सरळ करून घ्यायला यायची. आणि नीलचे वाजवणारे आठवडाभर कुठे बस चालव, कुठे गोदामात पोती उचल असली कामं करणारे. त्यांनाही शनिवारच मोकळा. वरून नीलनं पायानं जमिनीवर दोनदा ठोकलं की खाली ड्रायर बंद. मग ओल्या केसांच्या बायका यंत्राखाली तशाच, एकमेकींकडे बघत, गप्प.

"सिस्टर टिग्नर," एकदा चर्चमधल्या एकीनं कुजबुजून विचारलं, "माझे केस वाळणार का तुझ्या नवऱ्याचं गाणं होणार? दोन्ही होणार नसतील तर तसं सांग."

व्हर्लीन काय सांगणार? तिला तरी कुठे माहीत होतं?

नील आर्कान्सामधल्या कापसाच्या मुलखातला. आई लहानपणीच गेली. मावशीनं वाढवला, ती खेड्यातल्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवायची. याला भाता मारायला बसवायची. मावशीचं वाजवणं चुकलं तर हा भाता थांबवायचा. सात-आठ वर्षांचं पोर, आणि भर प्रार्थनेत ऑर्गनचा श्वास बंद. मावशीनं मान वळवून बघितलं की म्हणायचा, "तिथं चुकलं. पुन्हा घे." मार खायचा, पण पुढच्या रविवारी पुन्हा तेच. खोड तिथलीच. व्हर्लीनला लग्नानंतर मावशीनं हे हसत हसत सांगितलं, तेव्हा तीही हसली होती. लग्नाआधी सांगायला हवं होतं, हे तिला पुढे कळलं.

मेम्फिसला येऊन तो गाद्यांच्या कारखान्यात लागला. तिथल्या डागी गाद्या आणून वरच्या खोल्यांच्या भिंतींना ठोकल्या, एका बंद पडलेल्या क्लबातला पियानो चौघांच्या खांद्यावरून वर चढवला, आणि स्टुडिओ झाला. व्हर्लीन म्हणायची, घरात पाहुणा आला तर त्याला जमिनीवर झोपवते, पण भिंती मात्र गाद्यांवर टेकून आहेत.

त्याचं पहिलं मोठं गाणं कसं झालं, तेही ऐका. एका भांडणात व्हर्लीन म्हणाली होती, "तुझं ताट ओव्हनमध्ये आहे, आणि मी निजायला चालले." एवढंच. थोड्या दिवसांनी ती बाजारात कोलार्डची भाजी निवडत होती, आणि दुकानातल्या रेडिओवर एक गडी जीव तोडून गात होता, तुझं ताट ओव्हनमध्ये आहे आणि मी निजायला चालले. तिच्या हातातली जुडी तशीच राहिली. त्या उन्हाळ्यात ते गाणं प्रत्येक गाडीतून, प्रत्येक ओसरीवरून वाजलं. तिच्याच दुकानात बायका ते गुणगुणायच्या. "बाई, कुणी लिहिलं असेल गं? माझ्याच घरात बसून लिहिल्यासारखं आहे." व्हर्लीन कंगवा गॅसवर ठेवून नुसती बघायची. तेव्हापासून तिला घरात बोलायची चोरी झाली. रागावून काही म्हणावं, तर हा रागवायचा नाही की माफी मागायचा नाही. डोळे बारीक करायचा आणि पेन्सिल शोधायचा.

त्या गाण्यानंतर शिकागोच्या एका कंपनीनं त्याला बोलावून घेतलं. गेला, आणि वर्षाच्या आत परत आला. "तिथं घड्याळ लावून गाणी करतात," म्हणाला. "जेवणाआधी दोन, जेवणानंतर दोन." कंपनीचं म्हणणं वेगळं होतं. हा एका गाण्यावर तीन दिवस बसायचा, असं ते म्हणत. दोघंही खरंच बोलत होते.

कारण नीलचा मंत्र एकच. "अजून एकदा." ढोलवाल्यानं मन लावून वाजवावं, गाणाऱ्यानं काळीज काढून ठेवावं, सगळ्यांनी एकमेकांकडे बघून मान डोलवावी, आणि दोन खोल्यांमधल्या काचेपलीकडून नीलचा आवाज यावा, "छान. अजून एकदा." शिवाय त्याची पद्धत अशी की सगळे एका वेळी वाजवणार, गाणारा त्याच वेळी गाणार, जिनाही त्याच वेळी घुमणार. आज वाजवून उद्या त्यावर गाणं चढवा, हे त्याला मान्य नव्हतं. "जेवायला सगळे एकत्र बसतात ना? मग?" म्हणजे एक जण चुकला की सगळं पुन्हा.

हे सगळं सोसणारा एकच गाणारा होता, ओथा स्प्रूइल. ताटाचं गाणं त्यानंच गायलं होतं. उंच, लाजरा, मोठ्या हातापायांचा माणूस. बोलताना शब्द अडखळायचा, गाताना कधीच नाही. नीलची बरीवाईट सगळी गाणी ओथाच्या गळ्याच्या मापानं शिवलेली होती. दुसऱ्यानं गायली की ती उसन्या कोटासारखी लोंबायची. आणि त्यातलं एक गाणं नील कितीतरी वर्षं शिवत बसला होता. 'कडी लावली नाही' असं त्याचं नाव. घर सोडून गेलेल्या बाईसाठी एक माणूस दाराला कडी न लावता निजतो, एवढीच गोष्ट. तीही व्हर्लीनच्याच घरातली. तिचे वडील नदीवर बोटीत कामाला असायचे, आणि आई दाराला कधी कडी लावायची नाही. व्हर्लीननं नीलला ते एकदा बोलता बोलता सांगितलं, आणि गेलं हातातून. ओथानं ते किती वेळा गायलं असेल, देव जाणे. दरवेळी काहीतरी राहायचं. नील फीत पुसायचा.

आणि एका वर्षी ईस्टर झाल्यावर ओथाला देवाची हाक आली.

नीलला हे ओथानं स्वतः सांगितलं, स्वयंपाकघरात उभं राहून, टोपी हातात फिरवत. न्यू बेथसैदा चर्चच्या पाळकांनी त्याला पुढच्या रविवारी पहिला उपदेश द्यायला उभं करायचं ठरवलं होतं. आणि त्याआधी पाळकांना त्यानं शब्द दिला होता, उपदेशाला उभा राहिल्यावर पुन्हा जगाची गाणी गाणार नाही.

नीलनं चमचा खाली ठेवला. "एकही नाही?"

"एकही नाही, नील."

"आणि कडी?"

"शनिवार आहे ना," ओथा म्हणाला. "शनिवारी गातो. काय करून घ्यायचं ते करून घे. मग संपलं."

ओथा गेल्यावर व्हर्लीननं नवऱ्यासमोर खुर्ची ओढली. ती स्वतः न्यू बेथसैदामध्ये पांढरे हातमोजे घालून दाराशी उभी राहणाऱ्या सेविकांपैकी. ओथाला हाक आली म्हणून तिनं मनातल्या मनात देवाचे आभार मानले होते. पण हे गाणं झालं नाही तर उरलेलं आयुष्य आपल्याला कशाबरोबर काढावं लागेल, तेही तिला समोर बसलेलं दिसत होतं.

"नील, ऐक. एक शनिवार आहे. अजून एकदा, अजून एकदा करत बसलास तर हाती काही राहणार नाही."

"हं."

"आणि त्या माणसाला दुसऱ्या दिवशी उपदेश द्यायचाय. गळा त्याचा आहे, तुझ्या पियानोची तार नाही."

"तू जिना सांभाळ," नील म्हणाला. "बाकी मी बघतो."

शनिवारी दुकान भरलेलं. मदर हेझल रेनी, चर्चमधली सगळ्यांत वडील बाई, ड्रायरखाली बसलेली. दुसऱ्या दिवशी पहिल्या रांगेत पांढऱ्या कपड्यांत तीच बसणार होती. वरून पायाचे ठोके आले. व्हर्लीननं ड्रायर बंद केले आणि जिन्याच्या तोंडाशी जाऊन दारवानासारखी उभी राहिली.

"माझं डोकं अर्धं ओलं आहे," मदर हेझल म्हणाली.

"मदर, थोडंसं थांबा."

"थोडंसं म्हणजे नीलचं थोडंसं का देवाचं?"

दुपार होईपर्यंत तेच चाललं. ठोके, शांतता, गाणं, "अजून एकदा." एकदा ढोल घाईत गेला. एकदा पियानो. एकदा सगळं नीट झालं, तर नील म्हणाला, ओथानं दुसऱ्या कडव्यात श्वास ऐकू येईल असा घेतला. ओथानं पुन्हा गायलं. व्हर्लीननं खालून ऐकलं, त्याचा आवाज कडांना झिजत चालला होता. ती वर गेली, गरम पाण्यात मध घालून त्याला दिला, आणि जाता जाता नवऱ्याच्या कानाशी म्हणाली, "आता जे येईल ते घे. देवासाठी घे."

ती खाली येऊन जिन्याशी उभी राहिली. पुन्हा ठोके आले. आणि पहिल्या पायरीजवळच्या कर्ण्यातून ओथाचा आवाज निघाला.

यावेळी तो गात होता की बोलत होता, ते कळेना. गळा दमलेला होता म्हणून त्यानं तो ताणला नाही. जिना त्या आवाजानं भरून आला. व्हर्लीनला आईचं दार दिसलं, कंदील दिसला, वाऱ्यानं हलणारी ती मोकळी कडी. शेवटच्या कडव्याला ओथा थांबला. गाण्यात तिथं थांबायचं नव्हतं. पुढचा शब्द त्याच्या घशात अडकला, नील काचेमागे, वाजवणारे वाट बघत एकाच जागी घुटमळत राहिले, आणि तो शब्द येईना.

न्यू बेथसैदामध्ये कुणी गाताना, प्रार्थना करताना असा अडकला की त्याला कुणी एकटं सोडत नाही. कुणीतरी बाकावरून हळूच म्हणतं. लहानपणापासून ते कानावर पडलेलं, तोंडात बसलेलं. त्यासाठी विचार करावा लागत नाही.

"दमानं, बाळा," जिन्याच्या तोंडाशी उभी असलेली व्हर्लीन म्हणाली. "दमानं घे."

तिचा शब्द जिन्यातून वर चढला, आणि ओथानं घेतलं. शब्द आला, आणि त्याच्यामागून सगळं गाणं, शेवटापर्यंत, असं आलं की वाजवणं थांबलं तरी वर कुणी जागचं हललं नाही.

व्हर्लीननं दोन्ही हात तोंडावर दाबले. उशीर झाला होता.

मागून मदर हेझल म्हणाली, "मी ओल्या केसांनी तोंड दाबून बसले आहे सकाळपासून. आणि बोललीस कोण, तर तू."

नील जिन्याच्या वरच्या पायरीवर आला. वर्षानुवर्षं ज्या जिन्यापायी बायकोनं टपालवाल्यालाही आवाज करू दिला नाही, त्या जिन्यात बायकोचाच आवाज. तो रागावला असता तर बरं झालं असतं.

"व्हर्ल," तो म्हणाला. "तू?"

"काढून टाक ते."

"निघणार नाही. त्याच्या गळ्याबरोबरच घुमलंय." तरी त्यानं फीत मागेपुढे करून ब्लेड घेऊन पाहिलं. तिचा शब्द ओथाच्या शब्दाला असा चिकटलेला होता की एक कापावा तर दुसरा जखमी. शेवटी तो वळला. "ओथा. अजून—"

ओथानं मान हलवली. तोंड उघडलं तर नुसती हवा आली.

वाजवणाऱ्यांनी वाद्यं गुंडाळली. ढोलवाला जाताना व्हर्लीनला म्हणाला, "मिस व्हर्लीन, एवढी वर्षं तुम्ही मला शिंकू दिलं नाहीत." आणि हसला. तिला हसू आलं नाही.

रात्री दोघं जेवायला बसली. मग व्हर्लीनच म्हणाली, "मी सेविका आहे, नील. चर्चच्या दाराशी उभी असते. तुझं ते गाणं रेडिओवर लागणार, दारूच्या अड्ड्यात लागणार, आणि त्यात माझा आवाज? देवाच्या घरातला शब्द?"

"मग फेकून देऊ?"

"मी तसं म्हटलं का?"

"मग काय म्हणतेस?"

"मला माहीत नाही. वैताग आलाय मला. तुझा, त्या जिन्याचा आणि माझ्या तोंडाचा." ती उठली. "आणि पेन्सिल शोधू नकोस."

रविवारी नील चर्चला आला. कित्येक वर्षांत आला नव्हता. आला आणि सगळ्यांत मागच्या बाकावर, दाराजवळ, बसला. व्हर्लीन त्याच्या शेजारीच दाराशी उभी होती, एक हात पाठीमागे, दुसऱ्या हाताच्या पांढऱ्या बोटांनी येणाऱ्यांना जागा दाखवत. सेविकांनी बोलायचं नसतं. सगळं हाताच्या खुणेनं चालतं.

ओथा उभा राहिला. आवाज अजून खरखरत होता. त्यानं पवित्र शास्त्र उघडलं, वचन वाचलं आणि बोलायला लागला. आणि चर्च गप्प. न्यू बेथसैदामध्ये उपदेशकाला उत्तर मिळत नाही, असं होत नाही. वाक्यामागून वाक्याला हुंकार येतो, "हो" येतो, "सांग" येतो. पण हा ताटाच्या गाण्याचा ओथा. लोक हाताची घडी घालून बसले होते, बघू तर खरं म्हणून. पाळकांनीही मान खाली घातलेली. शांततेत ओथाची जीभ जड व्हायला लागली. एक वाक्य अर्ध्यावर राहिलं. दुसरं सुरूच होईना. त्यानं व्यासपीठाच्या कडा दोन्ही हातांनी धरल्या. कपाळावरचा घाम मागच्या बाकावरूनही दिसत होता.

व्हर्लीननं पहिल्या रांगेतल्या पांढऱ्या टोपीकडे पाहिलं. मदर हेझल बोलेल, असं तिला वाटत होतं. मदर हेझल बोलली नाही. नीलनं बाकाच्या पाठीवर बोटं घट्ट रोवली होती. त्याला वाजवता येत होतं, लिहिता येत होतं, दुसऱ्याला शंभरदा गायला लावता येत होतं. हा एक शब्द मात्र त्याच्या तोंडून निघत नव्हता.

आणि देवा, पुन्हा मीच का, असं मनात म्हणत व्हर्लीन बोलली.

"दमानं, बाळा. दमानं घे."

सेविकांची प्रमुख असलेल्या बाईनं मान गर्रकन वळवली. पण त्याआधीच पहिल्या रांगेतून मदर हेझलचा आवाज आला होता, "हो. दमानं." मग डावीकडून कुणीतरी. मग ऑर्गनवाल्यानं एक सूर खालून हळूच टेकू दिल्यासारखा धरला. ओथानं मान वर केली. पुढचं वाक्य आलं आणि ते थांबलं नाही.

बाहेर पायऱ्यांवर नील तिची वाट बघत उभा होता.

"कालच्याच सुरात होतं," तो म्हणाला. "अगदी तोच सूर, व्हर्ल."

"मला एकच सूर येतो." तिनं हातमोजे काढून पर्समध्ये कोंबले. "ठेव ते."

"काय?"

"जिन्यातलं. आहे तसं ठेव. सेविकांच्या प्रमुखबाई मला आत्ता झापून गेल्यात. अख्ख्या चर्चनं ऐकलं, आता रेडिओनं ऐकलं म्हणून काय मोठं आभाळ कोसळणार आहे? तो शब्द कुठेही म्हटला तरी ओथासाठीच होता."

 नीलच्या चेहऱ्यावर ती ओळखीची बारीक आठी आली. "फक्त एवढंच," तो म्हणाला, "तुझा शब्द जरा अर्धा ठोका उशिरा—"

"नील."

"नाही. काही नाही."

एवढ्या वर्षांत त्यानं आपणहून सोडून दिलेलं ते पहिलं आणि बहुधा शेवटचं वाक्य. फीत आहे तशी तबकड्या काढायला गेली. पुढच्या शनिवारी वरून पुन्हा पायाचे ठोके आले, दुसऱ्या गाण्यासाठी, कुणा दुसऱ्या गाणाऱ्यासाठी. व्हर्लीननं पुन्हा ड्रायर बंद केले.

उन्हाळ्यात, कडीचं गाणं गावभर झाल्यावर, एका शनिवारी वर कुणीच नसताना दुकानातल्या रेडिओवर ओथाचा तो आवाज सुरू झाला. व्हर्लीनचा हात सवयीनं भिंतीवरच्या बटणाकडे गेला आणि तिनं ड्रायर बंद केले.

"अगं, हे रेडिओवर आहे," मदर हेझल यंत्राखालून म्हणाली. "आता खोकलं तरी चालतं. चालू कर ते, माझे केस ओले आहेत."

पण व्हर्लीननं ड्रायर चालू केले नाहीत. गाणं शेवटच्या कडव्याला आलं. ओथा थांबला. आणि दुकानातल्या सगळ्या बायका, खुर्चीतल्या, ड्रायरखालच्या, दारात उभ्या असलेल्या, एका सुरात म्हणाल्या, "दमानं, बाळा. दमानं घे."

व्हर्लीन तेवढी गप्प होती. कंगवा गॅसवर लाल होत चालला होता, आणि तिचं तिकडे लक्ष नव्हतं.